शनिवारची पाहुणी

प्रिय पपा,

मम्मीने आपल्याच घरातली मागची खोली बुक केली आहे. येत्या शनिवारी, एका रात्रीसाठी, एकटीने! वेबसाइटवर यजमान म्हणून अजून तुझंच नाव आहे, त्यामुळे तिची विनंती तुझ्या नावावर येऊन पडली, म्हणजे माझ्या फोनवर. खाली दोन बटणं आहेत. स्वीकारा किंवा नाकारा. सकाळपासून मी दोन्हींकडे बघते आणि फोन पालथा घालून ठेवते.

तू गेलास त्याला आता वर्ष होत आलं. इतर बायका चर्चमध्ये नवऱ्याच्या वर्षाच्या मिस्साची, त्याच्या नावाच्या प्रार्थनेची तयारी करतात. आपली मम्मी त्याच्या घरी पाहुणी म्हणून यायला निघाली आहे. याला मी काय उत्तर देऊ, तूच सांग. नाहीतरी ते उत्तर तुझ्याच नावाने जाणार आहे.

हे सगळं सुरू कुठून झालं? तुझ्यापासूनच. अंधेरीच्या कंपनीतून रिटायर झालास आणि घरात बसून मम्मीच्या प्रत्येक भांड्यात तोंड घालायला लागलास. ती वैतागली. म्हणून एका रविवारी मी बोरिवलीहून आले, वाडीतल्या मागच्या दोन खोल्यांचे फोटो काढले आणि इंटरनेटवर टाकले. तुझाही फोटो लागणार होता. चांगला शर्ट घाल म्हटलं, तर तू तोच निळ्या चौकड्यांचा घातलास आणि हातात सुरमई धरून उभा राहिलास. मला वाटलं होतं, चार दिवसांचं खूळ आहे.

पण साठी उलटल्यावर तुला जग सापडलं, पपा! मनोरीच्या बाहेर तुला कोण ओळखत होतं? आणि आता नागपूरची माणसं नाताळच्या शुभेच्छा पाठवायला लागली. पाहुण्यांनी लिहिलेले अभिप्राय तू जेवताना मोठ्याने वाचायचास, आणि मम्मीने तळलेल्या गोड फुग्यांचं कौतुक आलं की तेवढं दोनदा. मग चष्मा नाकावर ओढून एका बोटाने उत्तर. ‘वेलकम वेलकम. नो टेन्शन. अंकल जेट्टीवर हाय.’ मला हसूही यायचं आणि बरंही वाटायचं. तुझ्या पाठीचा बाक गेला होता त्या दिवसांत.

एक मात्र मला खुपायचं, आज सांगते. एका कुटुंबाला तू लिहिलं होतंस, ‘तुम्ही गेल्यावर घर रिकामं वाटतं.’ दोन दिवस राहिलेली परकी माणसं! मी तुझी सख्खी मुलगी, दर महिन्याला यायचे. निघताना तू फक्त म्हणायचास, “गेट नीट लाव.”

आणि तुझा तो नियम. पाहुणे असताना यजमानाने गाव सोडायचं नाही. कुणी केला होता हा नियम? वेबसाइटने नाही, मी सगळं वाचलंय. तुझाच. त्यापायी थोरल्या काकाच्या लग्नाच्या पन्नाशीला वांद्र्याला आला नाहीस. डॉक्टरने छातीच्या तपासणीला बोलावलं, तर “पाहुने हायत, पुढच्या आठवड्यात बगू.” पुढच्या आठवड्यात दुसरे पाहुणे होते. मी फोनवर ओरडले, तू म्हणालास, “ज्युली, लोक आपल्या भरवशावर पानी ओलांडून येतात गं.” मग एका सकाळी विहिरीजवळ पंप सुरू करायला गेलास आणि तिथेच बसलास. मागच्या खोलीतल्या पाहुण्यांनीच तुला उचलून गाडीत घातलं. तुझ्यावर रागवावं की रडावं, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

तुला मातीआड केल्यावर मी पहिलं काम करणार होते ते बुकिंग रद्द करण्याचं. मम्मी नको म्हणाली. “पपान शब्द दिलाय त्यांना. येव दे.” आले. चौघे जण, कांदिवलीहून, दणकट, हसरे. एकाने विचारलं, “अंकल कुठेत?” मम्मी कालवण ढवळत होती. मान वर न करता म्हणाली, “चर्चला गेलेत. येतील.”

मी तिला आत ओढलं. “मम्मी, काय बोलतेस हे?”

“मग काय सांगू? घरात मी एकलीच हाय, बाप्या मेला माझा, असं?” तिचा आवाज मुळीच कापत नव्हता. “तुझी आजी काय करायची, विसरली काय तू?”

विसरले नव्हते. गावठाणात ज्या घरचा पुरुष परदेशच्या बोटीवर नोकरीला असायचा, त्या घरची बाई रोज त्याचा एक शर्ट पिळून पुढच्या दारी वाळत घालायची. येणाऱ्याजाणाऱ्याने समजून घ्यावं की बाप्या घरात आहे. आजोबा वर्षवर्ष परत यायचे नाहीत, पण आजीची दोरी कधी रिकामी नसायची. दुसऱ्या दिवशी सकाळी तुझा निळ्या चौकड्यांचा शर्ट पुढच्या दोरीवर ओला लटकत होता आणि दाराशी तुझ्या चपला होत्या.

“त्या इंटरनेटवर पन पपाला रव दे,” ती म्हणाली. मला ते पटलं. एकट्या बाईच्या घरी अनोळखी माणसं उतरणार, तर फोटोत एखादा पुरुष दिसलेला बरा. आजीची दोरी होती, आमची वेबसाइट. एवढाच फरक वाटला मला.

मग मी तू झाले. ऑफिसात डबा खाताना एका हाताने पाहुण्यांना उत्तरं द्यायचे. वेलकम वेलकम, नो टेन्शन. सुरुवातीला तुझे जुने मेसेज उघडून शब्द उचलायचे. पुढे त्याची गरज पडेना. एकदा कुणीतरी विचारलं की लहान मुलांना उतरताना त्रास होईल का, आणि मी झरझर लिहिलं, ‘भरती असंल तर डाव्या बाजून उतरा, उजवीकडं शेवाळ हाय.’ पाठवल्यावर थबकले. मला काय ठाऊक जेट्टीवर शेवाळ कुठे आहे? मी येते ती गोराईच्या बाजूने, रिक्षा करून. मनोरीच्या जेट्टीवर मी शाळेत असताना शेवटची उभी राहिले असेन. तू कधीतरी बोलला असशील आणि माझ्या डोक्यात राहिलं असेल, असं म्हणून मी डबा बंद केला.

त्यानंतर वेबसाइटचा निरोप आला. यजमानाने कॅमेऱ्यासमोर चेहरा दाखवून ओळख पटवावी. मी काय दाखवणार, कपाळ! दुर्लक्ष केलं. पुन्हा आला, पुन्हा दुर्लक्ष. म्हटलं, आता खातं बंद होईल आणि सुंठीवाचून खोकला जाईल. तर एका दुपारी तिथे हिरवी खूण. ‘धन्यवाद. तुमची ओळख पटली आहे.’

मी मम्मीला फोन केला. “तू पपांचा फोटो धरलास का कॅमेऱ्यासमोर?”

“कसला फोटो? कसला कॅमेरा? मना ते उघडता तरी येतं काय?”

यंत्रांच्या चुका होतात. बँकेच्या होतात, वीजबिलाच्या होतात. मी तशी समजूत घातली स्वतःची. पण त्या दिवसापासून तुझ्या नावाने लिहायला बसले की मी पाठीमागचा दरवाजा लावून घ्यायला लागले.

आणि मग अभिप्राय. ‘अंकल फार गोड आहेत.’ बरं, लोक काहीही लिहितात. आधीच्यांचं वाचून तसंच पुढे लिहितात. ‘अंकलनी आजीची बॅग उचलून घरापर्यंत आणली.’ हे मात्र मी तीनदा वाचलं. तिसऱ्याने फोटोच टाकला. संध्याकाळची वाडी, माड, आणि कोपऱ्यात निळ्या चौकड्यांची पाठ. मी तो इतका मोठा केला की नुसते ठिपके दिसायला लागले. दोरीवरचा शर्टच होता तो, वाऱ्याने फुगलेला. मी हसले, ऑफिसात सगळ्यांनी वळून बघितलं इतक्या मोठ्याने. नंतर मम्मीला सहज विचारलं. ती म्हणाली, संध्याकाळी शर्ट मी आत घेते, दव पडतं.

शेवटी मी बॅगवाल्या पाहुणीला फोन केला. मुलुंडची होती, बोलकी. यजमानांची मुलगी म्हणून ओळख दिली आणि सहज चौकशी करतेय असं भासवलं.

“अहो, तुमचे बाबा ना? किती छान माणूस हो! बोटीतून उतरलो तर उभेच होते. सासूबाईंची पिशवी घेतली आणि पुढे चालायला लागले. फार बोलत नाहीत, नाही का?”

“जेवले का तुमच्याबरोबर?” मी विचारलं. का विचारलं, कोण जाणे.

“नाही ना! आम्ही किती आग्रह केला. ते म्हणाले, पाहुने हायत तोवर मना बसता येत नय. दोन्ही दिवस तसेच उभे होते बाई, त्या विहिरीजवळ. मला तर वाईटच वाटलं. तुम्ही सांगा ना त्यांना, या वयात इतकं उभं राहू नका म्हणून.”

सांगते म्हटलं, आणि फोन ठेवला. पपा, मला भीती वाटायला हवी होती ना? वाटलीच. पण त्याहून जास्त मला लाज वाटली. आम्ही तुला उभं करून ठेवलं होतं. शनिवार आला की बुकिंग, बुकिंग आलं की तू. मेल्यावर तरी माणसाने टेकावं की नाही?

पुढच्या रविवारी मी मुद्दाम खाडीपलीकडच्या मार्व्याहून बोटीने आले. मनोरीच्या जेट्टीवर उतरले, मुद्दाम रेंगाळले. तू नव्हतास. डावी बाजू कोरडी होती, उजवीकडे शेवाळ होतं. बोटीवर दोर टाकणाऱ्या माणसाला विचारलं, आमच्या पाहुण्यांना घ्यायला कोणी येतं का रे? तो तुला चांगला ओळखायचा. माझ्याकडे न बघता दोर गुंडाळत राहिला.

“मी कशाला बगू? माझं काम बोटीचं.” मग दोर खाली ठेवून म्हणाला, “आधी तुमचे पाहुने उतरले की मनाच विचारायचे, आंकलचा घर कटं. आता कोन नय विचारीत. उतरतात नि एकामागं एक सरळ चालाया लागतात.”

तिथून घरी येईपर्यंत मी ठरवलं होतं. आज तुझं नाव काढायचं, खोल्या बंद, मम्मीला बोरिवलीला घेऊन जायचं. घरात पाऊल टाकलं तर मम्मी पाहुण्यांना नाश्ता वाढत होती. नवीन लग्न झालेलं जोडपं होतं. ती त्यांच्यासमोर खुर्ची ओढून बसलेली, आणि तिचा चेहरा मी कधी असा पाहिला नव्हता. हावरट, पपा. दुसरा शब्द नाही.

“काल अंकल काय बोलले? तब्येत कशी वाटली? दमलेले दिसत होते काय? माझ्याबद्दल काय विचारलं?”

मुलगी बिचारी गोंधळली. “आंटी, ते इथेच असतात ना?”

“असतात, असतात,” मम्मी म्हणाली आणि तिच्या ताटात आणखी एक फुगा टाकला.

मला तेव्हा कळलं. मम्मीला सगळं ठाऊक होतं, माझ्याही आधीपासून. आणि तिला तू एकदाही दिसला नव्हतास.

पाहुणे समुद्रावर गेल्यावर आमचं भांडण झालं. मी म्हटलं, बास झालं, आता त्याला जाऊ दे. ती म्हणाली, “जाव दे? तुना काय झालं बोलाया? बोरिवलीला तुझा घर भरलेला हाय.” मी म्हटलं, वर्षाची मिस्सा जवळ आली, फादरना नाव द्यायला हवं. तर म्हणाली, “मेलेल्यांमंदी त्याचा नाव वाचायचा नय.” आठवतं, नोव्हेंबरात सगळ्या गावाने कबरींवर मेणबत्त्या लावल्या, तुझ्या कबरीवरची मी एकटीने लावली होती. तेव्हा ती म्हणाली गुडघे दुखतात. गुडघे नव्हते दुखत.

मग ती एकदम चुलीपाशी बसली आणि रडायला लागली. तुझ्या मयताच्या दिवशी रडली नव्हती इतकी. “सगल्यांना दिसतो गं. काल आलेल्या पोरीला दिसतो. चाळीस वर्सं त्याचा जेवन मी केला. मना का नय दिसत?”

मी गोराईहून येते, ती कुठूनच येत नाही, ती घरातच असते. बोटीने पाणी ओलांडून, बुकिंग करून येणाऱ्यांना तू दिसतोस. घरच्यांना घ्यायला जेट्टीवर कोण जातं? हे मी तिला मोठ्याने बोलून दाखवलं, पपा. समजूत घालायला म्हणून बोलले. ती रडायची थांबली आणि पदराने नाक पुसत माझ्याकडे बघत राहिली. तेव्हाच मी ओळखायला हवं होतं.

नव्या जोडप्यातल्या त्या मुलीकडून तिने खातं उघडून घेतलं. माहेरचं नाव लावलंय. फोटो लावलाय लग्नातला, तुला कापून. विनंतीबरोबर निरोप आहे, तो तुला जसाच्या तसा उतरवून देते. मीच तुझे निरोप वाचते हे तिला ठाऊक आहे, म्हणून पहिली ओळ माझ्यासाठी.

‘ज्युली, हे तुझ्यासाठी नय. पपाला दाव.

मी शनिवारी मार्व्याहून संध्याकाळच्या बोटीन येते. एकलीच. पिशवी जड हाय. जेट्टीवर घ्यायला ये. काय बोलू नको पायजे तर. नुसता पुढं चाल.’

दाखवलं, पपा. हे पत्र म्हणजे दाखवणंच आहे.

नाकारलं तर ती दुसऱ्या शनिवारी विनंती करील, तिसऱ्या शनिवारी करील, तिला मी ओळखते. स्वीकारलं आणि तू आला नाहीस, तर ती सबंध संध्याकाळ पिशवी घेऊन त्या पायऱ्यांवर उभी राहील, परक्या माणसासारखी, आपल्याच गावात. आणि तू आलास तर? तर ती पुन्हा बुक करणार. प्रत्येक शनिवारी मार्व्याला जाऊन परत येणार, आणि तू प्रत्येक शनिवारी उभा. हेच मला खातंय. तुम्हा दोघांमधलं कोण आधी दमेल, सांग ना?

इतकी वर्षं अनोळखी लोकांना तू पानंच्या पानं लिहिलीस. तिला कधी एक मेसेज तरी केलास का? मी तुझा सगळा फोन चाळला. तिच्या नावापुढे फक्त मिस्ड कॉल आहेत. बोट लागली की एक वाजवायचास, ती तांदूळ टाकायची. त्यामुळे आज तुझ्या नावाने तिला उत्तर लिहायला बसले, तर मला तुझा एक शब्द सुचेना. परक्यांसाठी तू मला येत होतास, तिच्यासाठी येत नाहीस. शेवटी मी माझ्याच भाषेत लिहिलं, ‘ये. वाट बघतो.’ आणि आत्ता, हे लिहिता लिहिता, स्वीकारलं आहे.

आता मी तुला वचन देते, नीट ऐक. शनिवारी मीही जेट्टीवर असेन. पायऱ्यांच्या वर, गावाकडे तोंड करून उभी राहीन, पाण्याकडे पाठ. बोट लागली तरी वळणार नाही. कोणाची पावलं ऐकू आली, एकाची किंवा दोघांची, तरी वळणार नाही. मला दिसू नकोस, माझी हरकत नाही. तिला दिस. एकदाच तिची पिशवी घे आणि घरापर्यंत चाल. तिच्याशी बोल रे, दोन शब्द. पाहुण्यांशी बोलायचास तसे.

ती जेवायला बसेल तेव्हा मी तुझं नाव वेबसाइटवरून काढून टाकेन, फोटोसकट. पुन्हा कोणी पाणी ओलांडून तुझ्या भरवशावर येणार नाही. मम्मी माझ्यावर ओरडेल, शिव्या देईल, मला घरात घ्यायची नाही काही दिवस. ते मी सोसेन. तिला एकटं ठेवणार नाही, बोरिवलीला आली नाही तर मीच मनोरीला येऊन राहीन. वर्षाच्या मिस्साला फादर तुझं नाव वाचतील, आणि ती माझ्या शेजारी बसलेली असेल.

आणि शनिवारी ती तुला म्हणाली, बस, दोन घास खा, तर या वेळी नाही म्हणू नकोस. तुझं ताट मी मांडून ठेवते. पाहुणी घरचीच आहे, पपा. आता बसलास तरी चालेल.

तुझी,
ज्युली